दिमित्रिओस : एका ग्रीक नावाचा अर्थ आणि वारसा कसा शोधावा

एखादे ग्रीक नाव कानावर पडले की त्याचा अर्थ पाहण्यासाठी आपण सहसा बाळांच्या नावांची यादी उघडतो आणि 'दिमित्रिओस : पृथ्वीवर प्रेम करणारा' अशी एक ओळ वाचून समाधान मानतो. या ओळीतील 'प्रेम' हा शब्द कोणीतरी पदरचा घातलेला आहे, कारण प्रेम या अर्थाचा एकही अवयव या नावात नाही. आणखी एक अडचण अशी की कोणा ग्रीक माणसाला ही ओळ ऐकवली तर तो सौजन्याने हसेल, परंतु आपल्या नावाविषयी जे त्याला लहानपणापासून ठाऊक आहे त्यातले काहीच तिच्यात नाही, हे त्याच्या लगेच लक्षात येईल. ग्रीक नावाकडे पाहताना 'याचा अर्थ काय' यापेक्षा 'हा कोणाचा' हा प्रश्न आधी विचारावा, असे माझे मत आहे. दिमित्रिओस हे नाव त्या प्रश्नाची निरनिराळ्या काळांत निरनिराळी उत्तरे देत आले आहे, आणि ती उत्तरे कोणत्या क्रमाने शोधावीत हे येथे सांगायचे आहे. अनुवादकांना, ग्रीक मालकीच्या जहाजांवर नोकरी करणाऱ्या आपल्याकडच्या दर्यावर्दींना किंवा ग्रीक सहकारी असलेल्या कोणालाही हीच रीत इतर ग्रीक नावांसाठीही वापरता येईल.

मूळ लेखन आधी, उच्चार नंतर

पहिले काम म्हणजे नाव ग्रीक लिपीत कसे लिहितात ते मिळवणे. कानाने ऐकलेल्यावर विसंबून चालत नाही, कारण प्राचीन ग्रीकमधील अनेक वेगवेगळे स्वर काळाच्या ओघात एकाच 'इ' उच्चारात विरघळून गेले. इटा, आयोटा आणि इप्सिलॉन या तिन्ही अक्षरांचा, तसेच काही जोडस्वरांचा उच्चार आज 'इ' असाच होतो. आपले नाव नऊ अक्षरांचे आहे : डेल्टा, इटा, म्यू, इटा, टाऊ, रो, आयोटा, ओमिक्रॉन आणि शेवटी सिग्मा. शाळेत भूमिती-त्रिकोणमिती केलेल्या मराठी वाचकाला यातली बहुतेक अक्षरे ओळखीची असतील. फक्त शब्दाच्या अखेरीस सिग्माचे रूप बदलते, एवढे लक्षात ठेवावे.

यात दोनदा आलेली इटा महत्त्वाची आहे. प्राचीन काळी तिचा उच्चार दीर्घ 'ए' असा होता, म्हणून प्राचीन व्यक्तींसाठी देवनागरीत 'देमेत्रिओस' लिहिणे योग्य ठरते आणि आजच्या माणसासाठी 'दिमित्रिओस'. इंग्रजीतून आलेले 'डेमेट्रियस' हे रूप ना त्या काळाचे ना या काळाचे. त्याची वाट लॅटिनमधून गेलेली आहे. मी स्वतः एका अनुवादात आजच्या एका अथेन्सकराला 'डेमेट्रियस' करून ठेवले होते. मुद्रितशोधकाने त्यावर 'हे गृहस्थ सिकंदराच्या सैन्यात होते का?' असा शेरा मारला, तेव्हापासून ही चूक पुन्हा झाली नाही. आधुनिक उच्चारात आघात दुसऱ्या अक्षरावर, म्हणजे 'मी'वर येतो, आणि आरंभीचा 'द' आपल्या 'द'पेक्षा मऊ, जीभ दातांना जेमतेम लागेल असा असतो. देवनागरीत त्याला वेगळे चिन्ह नाही. साधा 'द' पुरेसा आहे, 'ड' मात्र लिहू नये.

शब्द उकलताना

लेखन हाती आल्यावर शब्दाचे तुकडे पाडावेत. दिमित्रिओस हे मुळात नाम नसून विशेषण आहे. देमेतेर या देवीच्या नावाला 'इओस' हा प्रत्यय लागून ते तयार झाले, आणि त्याचा अर्थ 'देमेतेरचा', 'देमेतेरविषयक' एवढाच होतो. हा 'इओस' आपल्याला परका नाही. संस्कृतात 'पितृ' शब्दापासून 'पित्र्य' हे विशेषण होते. ग्रीकमध्ये त्याच अर्थाचा 'पात्रिओस' हा शब्द आहे, आणि दोन्हींतील प्रत्यय एकाच आदिम भाषेतून आलेले आहेत. मराठीत हे काम 'चा, ची, चे' करतात. खंडोबाचा तो खंडू, तसा देमेतेरचा तो देमेत्रिओस, असे समजले तरी फारसे बिघडत नाही.

देवीच्या नावाचा उत्तरार्ध 'मेतेर' म्हणजे आई. लॅटिनमधील 'मातेर' आणि आपली 'मातृ' ही त्याची सख्खी भावंडे. पूर्वार्धाविषयी मात्र जुने मतभेद आहेत. काहींनी 'दे' म्हणजे भूमी असे मानून देमेतेरला भूमाता म्हटले, तर काहींनी त्याचा संबंध क्रीट बेटावरील जवाच्या नावाशी जोडून तिला धान्यमाता ठरवले. दोन्ही अर्थ तिच्या कामाला शोभतात, परंतु भाषाशास्त्राच्या दृष्टीने एकही निर्विवाद नाही. त्यामुळे 'भूमातेचा' असे लिहायचे असेल तर 'असे मानतात' हे दोन शब्द सोबत जोडावेत. येथे ध्वनिसाम्याच्या मोहापासूनही सावध राहावे लागते. 'देमोस' म्हणजे लोक. तो शब्द याच तीन अक्षरांनी सुरू होतो, म्हणून 'लोकांचा नेता' असा अर्थ देणाऱ्या याद्या आढळतात. तसेच आपल्या कानाला यात 'मित्र' ऐकू येतो, त्यालाही आधार नाही. या 'मित्रा'कडे मात्र शेवटी परत यावे लागणार आहे.

देमेतेर ही पिकांची, विशेषतः गहू आणि जवाची देवी. तिची मुलगी पर्सेफोनी पाताळात नेली गेली आणि वर्षातला काही काळ तिला तेथेच राहावे लागते, म्हणून जमीन त्या काळात उजाड होते, ही कथा अनेकांनी वाचलेली असेल. अथेन्सपासून साधारण वीस किलोमीटरवरील एलेफ्सिना, म्हणजे प्राचीन एलेउसिस, हे तिचे मुख्य ठाणे. तेथील गूढविधींत काय होत असे ते उघड करण्यास दीक्षितांना सक्त मनाई होती आणि ती बहुतेकांनी पाळली. या ठाण्याची एक गोष्ट नावाच्या वारशासाठी मोलाची आहे. देवळे पडली, ख्रिस्ती धर्म आला, तरी एलेफ्सिनाचे गावकरी डोक्यावर पवित्र करंडा घेतलेल्या एका भग्न संगमरवरी स्त्रीमूर्तीला 'संत दिमित्रा' म्हणून मानत राहिले. मूर्ती शेणखताच्या ढिगात गळ्यापर्यंत गाडलेली असे, आणि शेते पिकतात ती तिच्यामुळे, अशी त्यांची श्रद्धा होती. १८०१ साली एडवर्ड क्लार्क या इंग्रज प्रवाशाने ती उचलून नेली, तेव्हा आता पीक बुडणार म्हणून गाव हवालदिल झाले. मूर्ती नेणारे जहाज इंग्लंडच्या किनाऱ्याजवळ फुटले. ती मात्र वाचली आणि आज केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयात आहे. चर्चच्या मान्य संतांत या नावाची अशी कोणी संत नाही. मुलींना ठेवले जाणारे 'दिमित्रा' हे नाव मात्र आजही सर्रास आढळते आणि त्या आपला नामदिवस, म्हणजे आपल्या नावाच्या संताचा दिवस, दिमित्रिओस संताच्याच दिवशी साजरा करतात.

संत आणि त्याची तारीख

इथपर्यंतचा शोध शब्दकोशाच्या आधारे होतो. येथून पुढे पंचांग लागते. आजचे ग्रीक आईवडील मुलाचे नाव दिमित्रिओस ठेवतात ते देमेतेरसाठी नव्हे. विधर्मी देवीचे नाव ख्रिस्ती घरांत टिकले याचे कारण त्या नावाचा एक बलाढ्य संत होऊन गेला. म्हणून कोणत्याही पारंपरिक ग्रीक नावाबाबत दुसरा प्रश्न असा विचारावा : या नावाचा संत कोण आणि त्याचा दिवस कोणता?

दिमित्रिओस हा थेसालोनिकी शहराचा रक्षक संत. परंपरेनुसार तो तेथील उच्च कुळातला होता आणि इ.स. ३०६ च्या सुमारास, रोमन सम्राट गालेरिउसच्या काळात झालेल्या ख्रिस्ती लोकांच्या छळात, शहराच्या सार्वजनिक स्नानगृहात कोंडून भाल्याने भोसकून मारला गेला. त्याच्या आशीर्वादाने नेस्तोर नावाच्या कोवळ्या तरुणाने लिएओस या धिप्पाड मल्लाला आखाड्यात लोळवले आणि त्याचा राग सम्राटाने दोघांवर काढला, अशी कथा आहे. काही इतिहासकार या संताचे मूळ डॅन्यूबच्या खोऱ्यातील सिर्मिउम येथे शोधतात, परंतु थेसालोनिकीत हा विषय न काढलेला बरा. त्या स्नानगृहाच्या जागीच त्याचे पाच दालनांचे भव्य बॅसिलिका चर्च उभे आहे. १४९३ साली त्याची मशीद झाली, १९१२ नंतर ते पुन्हा चर्च झाले, १९१७ च्या प्रचंड आगीत जळाले आणि दीर्घ पुनर्बांधणीनंतर १९४९ मध्ये उघडले. १९८८ पासून ते शहरातील इतर बायझंटाइन वास्तूंसह जागतिक वारसा यादीत आहे. तळघरात उतरले की रोमन काळाच्या स्नानगृहाचे अवशेष दिसतात. संताच्या थडग्यातून सुगंधी तेल पाझरते अशी श्रद्धा असल्यामुळे त्याला 'मिरोव्लितिस', म्हणजे सुगंधी तेल पाझरवणारा, असे बिरुद आहे.

चित्रातला दिमित्रिओस ओळखायला सोपा आहे. ग्रीसमध्ये टॅक्सीत, दुकानात, बोटीच्या केबिनीत दोन घोडेस्वार संत वारंवार दिसतात. पांढऱ्या घोड्यावर बसून अजगराला भाला मारणारा तो योर्गोस (औपचारिक रूप येओर्यिओस), म्हणजे इंग्रजीतला जॉर्ज. तांबड्या घोड्यावरून खाली पडलेल्या माणसाला भाला मारणारा तो दिमित्रिओस. गाडीतले चित्र पाहून चालकाच्या नावाचा अंदाज बांधावा. तो नेहमी खरा ठरेल असे नाही, पण गप्पांना सुरुवात चांगली होते.

त्याचा दिवस २६ ऑक्टोबर. जुने ज्युलियन पंचांग पाळणाऱ्या रशियन आणि सर्बियन चर्चमध्ये हाच दिवस आपल्या ८ नोव्हेंबरला येतो, म्हणून शुभेच्छा देण्यापूर्वी माणूस कोणत्या चर्चचा ते पाहावे. थेसालोनिकीत या दिवसाला दुहेरी महत्त्व आहे. १९१२ साली, तेव्हाच्या जुन्या पंचांगाप्रमाणे याच तारखेला, ऑटोमन सेनापतीने शहर ग्रीक सैन्याच्या हवाली केले. शहर सोडवले ते संतानेच, असे मानायला लोकांना याहून अधिक पुरावा लागला नाही.

मला स्वतःला या तारखेची शेतकी बाजू अधिक मोहवते. ग्रीसमध्ये गहू आणि जव शरद ऋतूत पेरतात, आपल्या रब्बीसारखे. देमेतेरचा पेरणीपूर्वीचा थेस्मोफोरिया हा स्त्रियांचा उत्सव ऑक्टोबरच्या आसपासच पडत असे, आणि तिचे नाव धारण करणाऱ्या संताचा दिवसही पेरणीच्या तोंडावर आला. देवीची जागा संताने जाणीवपूर्वक घेतली, असा निष्कर्ष यावरून काढण्याची घाई करू नये; पण नांगर धरणाऱ्याला फरक फारसा जाणवला नसावा. धनगरांचे वर्ष योर्गोस आणि दिमित्रिओस या दोन संतांमध्ये विभागलेले असे : २३ एप्रिलला कळप डोंगरावर चढायचे आणि २६ ऑक्टोबरला खाली उतरायचे. गड्यांचे आणि गुराख्यांचे करार याच दोन दिवशी होत आणि संपत, जसे आपल्याकडे सालगड्याचे साल पाडव्याला ठरते. नव्या द्राक्षारसाची पिंपे याच दिवशी उघडायची. पहिल्या पावसानंतर ऑक्टोबरच्या अखेरीस पुन्हा उबदार दिवस येतात, त्यांना ग्रीक लोक 'संत दिमित्रिओसचा छोटा उन्हाळा' म्हणतात. आपल्या ऑक्टोबरच्या उन्हाच्या तुलनेत तो फारच सुखाचा असतो. या सुमारास फुलणाऱ्या शेवंतीलाही बोलीभाषेत 'आयोदिमित्रियातिका', म्हणजे संत दिमित्रिओसच्या दिवसांतली फुले, असे नाव आहे. पुन्हा तोच 'चा' आणि 'ची'.

आजोबा, नवस आणि बाप्तिस्मा

ज्या मुलाविषयी शोध चालू आहे त्याला हेच नाव का मिळाले, याचे उत्तर बहुतेक वेळा संतातही नसते. ते आजोबांमध्ये असते. पारंपरिक रीतीने पहिल्या मुलाला वडिलांच्या वडिलांचे नाव मिळते आणि दुसऱ्याला आईच्या वडिलांचे. आपल्याकडे नातवाला बहुधा दिवंगत आजोबांचे नाव देतात, आणि जुन्या घरांत सासऱ्याचे नाव तोंडाने घ्यायचे नाही म्हणून सून त्या मुलाला 'अप्पा', 'बाळ' अशा दुसऱ्याच नावाने हाक मारत असे. ग्रीसमध्ये आजोबा हयात असतानाच त्यांचे नाव द्यायचे असते. ते बाप्तिस्म्याला हजर असतात, डोळे पुसतात, आणि नाव दुसरे ठेवले तर वर्षानुवर्षे अबोलाही धरतात. म्हणून ग्रीक परिचिताला 'तुमच्या नावाचा अर्थ काय' असे विचारण्याऐवजी 'हे नाव तुम्हाला कोणाकडून आले' असे विचारावे. उत्तर लांबलचक मिळेल, आणि ते ऐकण्यासारखे असेल.

या रीतीचा एक व्यावहारिक परिणाम समजून घेतला पाहिजे. एका दिमित्रिओस पापादोपुलोसला चार मुलगे असतील तर चौघांच्याही पहिल्या मुलाचे पूर्ण नाव दिमित्रिओस पापादोपुलोसच असणार. म्हणून ग्रीक कागदपत्रांत वडिलांचे नाव षष्ठीत जोडतात : 'पापादोपुलोस दिमित्रिओस तू येओर्यिऊ', म्हणजे 'येओर्यिओसचा दिमित्रिओस'. मधे वडिलांचे नाव घालून पूर्ण नाव लिहिणाऱ्या मराठी माणसाला हे समजावून सांगण्याची गरज नाही. जुन्या नोंदवहीत किंवा जहाजाच्या प्रवासी यादीत कोणाचा शोध घेत असाल, तर हा मधला षष्ठीतला शब्द आधी पाहावा. तो न पाहता चुलतभावाला पणजोबा समजणारे कमी नाहीत.

आजोबांखेरीज दुसरे कारण म्हणजे नवस. त्याला ग्रीकमध्ये 'तामा' म्हणतात. मूल होत नसेल किंवा झालेले मूल आजारी असेल तर आई संताला बोलते, आणि मग घरात कोणाचेही ते नाव नसले तरी मूल दिमित्रिओस होते. नवस फेडताना संताच्या चित्रापुढे हातापायांच्या किंवा बाळाच्या आकाराचे चांदीचे पातळ पत्रे टांगतात, त्यांनाही 'तामा'च म्हणतात. चर्चमध्ये ते पाहिल्यावर आपल्या गावदेवीच्या देवळातील चांदीचे डोळे आठवतात.

नाव कायदेशीररीत्या नोंदवता येते ते सरकारी नोंदणीने, परंतु परंपरेला मान्य असलेला क्षण बाप्तिस्म्याचा. तोवर बाळाला नुसते 'बाळ' म्हणत राहण्याची पद्धत अनेक घरांत अजून आहे. पुरोहित बाळाला पाण्यात तीनदा बुडवतो आणि धर्मपिता, म्हणजे 'नोनोस', नाव मोठ्याने उच्चारतो. हजर राहण्याचा योग आला तर आईवडिलांना 'ना सास झिसी', म्हणजे 'तुमचे बाळ चिरायू होवो', असे म्हणावे.

घरचे नाव, कागदावरचे नाव, आडनाव

पारपत्रावरचा दिमित्रिओस प्रत्यक्षात त्या नावाने क्वचितच ओळखला जातो. 'दिमित्रिओस' हे औपचारिक, चर्चचे आणि सरकारी रूप. रोजचे रूप 'दिमित्रिस'. त्यापुढे लाडाची नावे सुरू होतात. 'मित्सोस' हे गावरान आणि आपुलकीचे, 'मिमिस' काहीसे जुन्या शहरी वळणाचे, 'मित्रोस' हे गेल्या पिढ्यांतले. 'दिमित्राकिस' म्हणजे छोटा दिमित्रिस, आणि त्याचे शेपूट तेवढे उरून झाला 'ताकिस'. ताकिस भेटला की तो दिमित्रिओसच असे समजू नये, कारण पानायोतिस आणि इतर अनेक नावांचेही शेपूट तेच होते. अमेरिकेत किंवा ऑस्ट्रेलियात गेलेले अनेक दिमित्रिस 'जिम' किंवा 'जिमी' झाले आहेत. वंशावळ शोधणाऱ्याने परदेशातील नोंदींत हे रूप अवश्य तपासावे.

आडनावात नाव कसे बसले आहे यावरून घराण्याच्या मुलखाचाही अंदाज येतो. सायप्रसमध्ये नुसती षष्ठी पुरते : 'दिमित्रिऊ', म्हणजे दिमित्रिओसचा. पेलोपोनेसमध्ये 'दिमित्रोपुलोस' भेटतो. त्यातील 'पुलोस' हे लॅटिनमधील पिल्लू या अर्थाच्या शब्दावरून आले. 'आकिस'ने संपणारी आडनावे क्रीटकडची, 'दिमित्रियादिस' हे बहुधा आशिया मायनर किंवा काळ्या समुद्राच्या काठावरून निर्वासित होऊन आलेल्यांचे. 'पापादिमित्रिऊ'च्या पूर्वजांत दिमित्रिओस नावाचा पुरोहित होता. 'हात्झीदिमित्रिऊ'चा पूर्वज जेरुसलेमची यात्रा करून आलेला. त्यातील 'हात्झी' म्हणजे आपल्या परिचयाचा 'हाजी' हाच शब्द, तुर्की अमलात ख्रिस्ती यात्रेकरूंनीही स्वीकारलेला. हे ठोकताळे आहेत, नियम नव्हेत, कारण ग्रीस आणि तुर्कस्तान यांच्यातील लोकसंख्येच्या अदलाबदलीत आणि स्थलांतरांत आडनावे सगळीकडे पसरली.

हाक मारताना शेवटचा 'स' गाळावा लागतो. 'दिमित्रिस आला', पण हाक मात्र 'दिमित्री!' अशी. मराठीत संबोधनाला 'राम'चा 'रामा' होतो, तसेच हे; फरक एवढाच की तेथे ते सर्वांनी नेहमी पाळायचे असते आणि 'स'सकट हाक मारली तर परदेशी माणूस लगेच ओळखू येतो. वयाने मोठ्या किंवा अनोळखी माणसाला 'किरिये दिमित्री' म्हणावे, साधारण आपल्या 'दिमित्रीराव' या तोलाचे. २६ ऑक्टोबरला भेट झाली तर 'ख्रोनिया पोला', म्हणजे 'पुष्कळ वर्षे', एवढे दोन शब्द पुरेत. मोठ्यांच्या बाबतीत हा नामदिवस वाढदिवसापेक्षा अधिक मानाचा असतो. तो दिवस कोणता हे सर्वांना ठाऊक असल्यामुळे निमंत्रणाची वाट पाहायची नसते, आणि खाऊपिऊ घालण्याची जबाबदारी ज्याचा नामदिवस आहे त्याची.

नावाचा प्रवास

वारसा शोधताना थोर नामधारकांची यादी करण्याचा मोह होतो. ती फार लांबवू नये. प्राचीनांपैकी देमेत्रिओस पोलिओर्केतिस, म्हणजे 'नगरांना वेढा घालणारा', पुरेसा आहे. इ.स.पू. ३०५ मध्ये त्याने रोड्स बेटाला वेढा घातला, वर्षभराने तो उठवून निघून गेला, आणि त्याने मागे टाकलेल्या युद्धयंत्रांच्या विक्रीतून रोड्सवासीयांनी जगातील सात आश्चर्यांपैकी एक असलेला तो महाकाय पुतळा उभारला, असे सांगतात. आधुनिकांपैकी संगीत संचालक दिमित्रिस मित्रोपुलोसचे नाव लक्षात ठेवण्याजोगे आहे, कारण त्याचे आडनावही 'मित्रोस'वरून आले असल्याने तो दोन्हीकडून दिमित्रिओसच ठरतो. स्लाव्ह लोकांना हे नाव थेसालोनिकीच्या प्रभावातून मिळाले; त्यांच्यासाठी लिपी घडवणारे किरिलोस आणि मेथोदिओस हे भाऊ त्याच शहरातले. बल्गेरियात 'दिमितर', रुमानियात 'दुमित्रु' आणि रशियात 'दिमित्री' झाला. मूलद्रव्यांच्या आवर्तसारणीमुळे आपल्या प्रत्येक शाळेत पोहोचलेला मेंडेलीव हा त्यांतलाच एक, म्हणून मराठी माणसाला हे नाव रशियन वाटते.

भारताशी या नावाचे नाते मात्र रशियामार्गे नाही. अथेन्समध्ये १७६० साली जन्मलेला दिमित्रिओस गालानोस १७८६ मध्ये कोलकात्याला तेथील ग्रीक व्यापाऱ्यांच्या मुलांना शिकवायला आला. १७९३ मध्ये नोकरी सोडून तो काशीला गेला आणि पंडितांच्या सहवासात संस्कृत शिकत मरेपर्यंत, म्हणजे १८३३ पर्यंत, तेथेच राहिला. भगवद्गीता, भर्तृहरी आणि इतर अनेक ग्रंथांचे त्याने केलेले ग्रीक अनुवाद त्याच्या पश्चात अथेन्समध्ये छापले गेले. त्याची कबर वाराणसीत आहे.

त्याच्याही दोन हजार वर्षे आधी हे नाव भारतीय लिपीत लिहिले गेले होते. बाख्त्रियाचा, म्हणजे आजच्या उत्तर अफगाणिस्तानाच्या परिसरातील ग्रीक राज्याचा, राजा देमेत्रिओस इ.स.पू. दुसऱ्या शतकाच्या आरंभी हिंदुकुश ओलांडून आला. त्याच्या चांदीच्या नाण्यांवर हत्तीच्या मस्तकाचे शिरस्त्राण घातलेला चेहरा आणि 'राजा देमेत्रिओसचे' अशी ग्रीक अक्षरे आहेत. याच नावाच्या राजाची काही नाणी द्विभाषिक आहेत, आणि ती कोणत्या देमेत्रिओसची यावर नाणेतज्ज्ञांचे एकमत नाही. त्यांवर एका बाजूला ग्रीक आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीतील प्राकृत आहे : 'महरजस अपरजितस देमेत्रियस'. ग्रीक बाजूची षष्ठी आणि प्राकृतातील 'स'ची षष्ठी एकाच नाण्याच्या दोन अंगांना आहे. असे नाणे संग्रहालयात दिसले तर त्यावरील खरोष्ठी उजवीकडून डावीकडे वाचायची, हे विसरू नये.

आता त्या 'मित्रा'विषयी. पाणिनीच्या सूत्रांवरील काशिका या टीकेत सौवीर देशातील, म्हणजे सिंधूच्या खालच्या खोऱ्यातील, 'दात्तामित्री' नगरीचे उदाहरण येते. दत्तामित्राने वसवली म्हणून दात्तामित्री. हा दत्तामित्र म्हणजे देमेत्रिओसच असे बऱ्याच अभ्यासकांनी मानले आहे. परके नाव भारतीय जिभेने आपल्या ओळखीच्या शब्दांत बसवून घेतले, आणि नावात मुळात नसलेला मित्र त्यात येऊन बसला. त्या नगरीचा एक रहिवासी नाशिकला पोहोचला होता. पांडवलेण्यांत, म्हणजे जुन्या त्रिरश्मी डोंगरावर, सतराव्या क्रमांकाच्या लेण्याची ओसरी गाठावी आणि मागच्या भिंतीवरची ठसठशीत ब्राह्मी अक्षरे पाहावीत. ब्राह्मी डावीकडून उजवीकडे जाते. आरंभीच्या 'सिधं'नंतर 'ओतराहस दातामितियकस योणकस' हे तीन शब्द शोधावेत : उत्तरेकडच्या, दात्तामित्रीच्या, यवनाचे. त्यापुढे 'धंमदेवपुतस', धर्मदेवाच्या पुत्राचे, आणि मग त्याचे नाव, इंद्राग्निदत्त. आईवडिलांच्या पुण्यासाठी त्याने हे लेणे, आत चैत्यगृह आणि पाण्याच्या पोढी, म्हणजे टाक्या, खोदवल्या, व सोबत आपल्या मुलाचे नाव, धर्मरक्षित, कोरून घेतले. आजोबा, मुलगा आणि नातू या तिघांचीही नावे पूर्णपणे इथली आहेत. देमेत्रिओस उरला आहे तो फक्त गावाच्या नावात, 'दातामितियकस' या एका शब्दात, आणि तोही षष्ठीतच.